मंथरेच्या आधीच्या ललिताबाई

स्मरणिकेच्या संपादक मंडळाने विषय वाटून दिले तेव्हा माझ्या वाट्याला ‘आपल्या काळातील एक कलावंत’ हा विषय आला. ग्रुपवर नावे भराभर सुचवली गेली. अमिताभ, स्मिता पाटील, अशोक सराफ, लक्ष्मीकांत बेर्डे. मी ललिता पवार हे नाव टाकले, तर पाच मिनिटांत कुणीतरी मंथरेचे चित्र पाठवले आणि दुसऱ्या कुणीतरी आपल्या एका बाईंचे नाव लिहिले. त्या बाई स्नेहमेळाव्याला व्यासपीठावर असणार आहेत, म्हणून ते नाव येथे छापत नाही. पण यावरून मला एक गोष्ट पक्की कळली. आपल्या बॅचला या बाई एकाच रूपात ठाऊक आहेत, आणि ते त्यांचे जवळजवळ शेवटचे रूप आहे. त्याआधीची साठ वर्षे आपल्या हिशेबातच नाहीत. हा लेख त्या साठ वर्षांसाठी.

‘रामायण’ दूरदर्शनवर सुरू झाले ते २५ जानेवारी १९८७ च्या रविवारी. पुढे ३१ जुलै १९८८ पर्यंत दर रविवारी सकाळी साडेनऊला वाशिमचे रस्ते कसे ओस पडत, हे कुणाला सांगायला नको. रिसोड, मालेगाव, मंगरूळपीरकडची मंडळीही हेच सांगतात. गल्लीत एखाद-दुसरा टीव्ही, त्यावर लाकडी शटर, गच्चीवर ॲंटेना फिरवणारा एक मुलगा आणि खाली चाळीस माणसे. बायाबापड्या पडद्यापुढे हात जोडून बसत. त्याच बाया मंथरा दिसली की बोटे कडाकडा मोडत. कुबड काढलेली, एक डोळा बारीक केलेली, कैकेयीच्या कानाशी लागलेली ती म्हातारी. कैकेयी झाली होती पद्मा खन्ना. मंथरा झालेल्या ललिताबाई तेव्हा सत्तरीच्या होत्या, हे आपल्याला तेव्हा माहीत नव्हते. तो बारीक डोळा अभिनयाचा आहे की खरा, हा प्रश्नही कुणाला पडला नव्हता.

तो डोळा खरा होता.

ललिताबाईंचे मूळ नाव अंबा लक्ष्मणराव सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. येवला म्हणजे पैठणीचे गाव, आणि वडीलही रेशमी-सुती कापडाचे व्यापारी. घर खाऊनपिऊन बरे होते. पण मुलींनी शाळेत जायचा तो काळ नव्हता, आणि रीतसर शाळा काही त्यांच्या नशिबी आली नाही. शाळेच्या स्मरणिकेत हे लिहिताना जरा विचित्र वाटते खरे. पुढे ज्या बाईने मराठी आणि हिंदीत बोलीबोलीचे उच्चार एवढ्या सफाईने केले, तिची पाटीपेन्सिल घरातच राहिली.

त्या सिनेमात आल्या तेव्हा सिनेमा मुका होता. पुण्यात नानासाहेब सरपोतदारांची आर्यन फिल्म कंपनी होती. तिथल्या १९२८ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये बारा वर्षांची ही मुलगी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. घरंदाज घरातल्या बाया तेव्हा सिनेमाच्या वाटेलाही जात नसत. मूकपटात संवाद नाहीत, गाणी नाहीत, मधूनमधून पाटी दाखवायची आणि बाकी सगळे चेहऱ्याने सांगायचे. राग, लाज, भीती, कपट, जे काय असेल ते डोळे, भुवया आणि ओठ यांवरच चालायचे. अंबाची ललिता झाली ती या कारखान्यात. पुढे जे घडले ते समजायला ही गोष्ट लक्षात ठेवावी लागते.

त्यांचे पहिले लग्न दिग्दर्शक गणपतराव पवार यांच्याशी झाले, आणि तेव्हापासून त्या ललिता पवार. या काळातल्या ललिताबाईंचे फोटो आज पाहिले तर आपण ओळखणार नाही. रेखीव चेहरा, मोठे डोळे, धीट नजर. नायिकेच्या भूमिका त्या करीत होत्याच, शिवाय धाडसपटांतही असत. १९३२ च्या ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. सोळा वर्षांची मुलगी चित्रपटात पैसा आणि मेहनत दोन्ही घालते, ही गोष्ट आजही बातमी होईल. त्याच सुमारास बोलपट आले. मूकपटातले कितीतरी नट त्या लाटेत वाहून गेले, कारण आवाज चालेना, गाता येईना, भाषा जमेना. ललिताबाई टिकल्या. तेव्हा पार्श्वगायन रुळलेले नव्हते आणि नायिकेनेच गायचे असे. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दां’मध्ये त्या स्वतः गायल्या. १९३८ मध्ये त्यांनी ‘दुनिया क्या है’ हा बोलपट काढला. त्याला आधार होता टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’ या कादंबरीचा. शाळेत न गेलेल्या येवल्याच्या मुलीने टॉलस्टॉय पडद्यावर आणला, एवढे वाक्य मी दोनदा लिहून पाहिले आणि ठेवले.

मराठीतही त्यांचे काम चालू होते. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’, नवयुगचा ‘अमृत’, ‘संत दामाजी’, ‘गोरा कुंभार’. यातला ‘अमृत’ वि. स. खांडेकरांच्या लेखणीतला. आपल्या मराठीच्या सरांनी खांडेकर शिकवताना ‘ययाती’बद्दल खूप सांगितले, पण खांडेकरांनी सिनेमे लिहिले हे मात्र मला फार उशिरा कळले.

१९४२ साली ललिताबाई सव्वीस वर्षांच्या होत्या. चौदा वर्षांचा अनुभव पाठीशी होता, नायिका म्हणून नाव होते, पुढचा रस्ता स्वच्छ दिसत होता. ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचे चित्रण चालू होते. एका प्रसंगात मास्टर भगवान यांनी त्यांच्या थोबाडीत मारायची होती. हे भगवान म्हणजे ‘अलबेला’वाले आपले भगवानदादा. पडद्यावरची थप्पड हा हिशेबाचा खेळ असतो. हात किती वेगाने यायचा, मान कधी वळवायची, हे ठरलेले असते. त्या दिवशी तो हिशेब चुकला. थप्पड खरीच बसली, आणि फार जोरात बसली. डाव्या डोळ्याची शीर फुटली आणि चेहऱ्याची ती बाजू लुळी पडली.

चेहऱ्याची बाजू लुळी पडणे म्हणजे काय, हे आपल्या बॅचमधल्या दोघांनी गेल्या काही वर्षांत सोसले आहे, त्यामुळे येथे फार समजावून सांगायला नको. घोटभर पाणी प्यायले तरी ओठाच्या कोपऱ्यातून ओघळते. पापणी नीट मिटत नाही. हसायला जावे तर अर्धेच तोंड हसते, आणि आरशात दिसणारा माणूस आपला वाटत नाही. साध्या माणसालाही हे जड जाते. येथे तर ज्या चेहऱ्यावर चौदा वर्षे पोट भरले तोच गेला होता. उपचारांत दोन-तीन वर्षे गेली. चेहरा बऱ्यापैकी सावरला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामे संपली. त्या काळात नायिका म्हणजे चंद्रासारखे मुख, त्यात डोळ्याचा दोष कुणी चालवून घेणार नव्हते. भगवानदादांनी जाणूनबुजून काही केले असे कुणीच म्हणत नाही, आणि मीही म्हणत नाही. अपघात तो अपघातच. पण त्याची किंमत एकाच माणसाने मोजली, हेही खरे.

आपण असतो तर काय केले असते? बहुतेकांनी येवल्याची गाडी धरली असती.

याच सावरण्याच्या काळात त्यांच्याकडे प्रभातचा ‘रामशास्त्री’ आला. १९४४ चा चित्रपट. गजानन जागीरदार रामशास्त्री प्रभुणे, आणि ललिताबाई राघोबादादांच्या पत्नी आनंदीबाई. ‘ध चा मा’ करणारी आनंदीबाई मराठी मुलांना शाळेच्या वयापासून ठाऊक असते. १७७३ मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला, आणि त्याच्या मागे ‘धरावे’चे ‘मारावे’ करणारी बाई उभी आहे, ही कथा इतिहासकारांनी कितीही तपासली तरी लोकांच्या मनातून जात नाही. अशी बाई करायची, आणि तीही नुकत्याच दुखावलेल्या चेहऱ्याने. त्या डोळ्याला आता लाज नव्हती, त्याला धार आली होती. ललिताबाईंनी तो लपवला नाही. मान किंचित तिरकी करून त्या बारीक डोळ्यातून समोरच्याकडे पाहायचे आणि शब्द तोलून टाकायचे, ही त्यांची पद्धत पुढे चाळीस वर्षे हिंदी सिनेमाला पुरली. एका डोळ्याला पूर्ण उघडता येत नाही म्हटल्यावर दुसऱ्याने, भुवईने आणि मानेने त्याचे काम कसे उचलावे, हे शिकायला मूकपटातले लहानपण उपयोगी पडले असणार, असे मला वाटते.

मग आली सासू. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू त्यांनी अशी केली, की त्यानंतर खाष्ट सासू म्हटले की निर्मात्यांना दुसरे नाव सुचेना. आपल्याकडे तर घराघरांत ललिता पवार हे विशेषनाम न राहता सामान्यनाम झाले. कडक आत्या, कंजूष काकू, शिस्तीची हेडबाई, सगळ्या ललिता पवार. नटीला यापेक्षा मोठी पावती नाही, असे म्हणायची रीत आहे. मला ते अर्धेच पटते. ज्यांच्या डोळ्यात किंवा चेहऱ्यात जन्मतः काही उणे असते, अशा बाया आणि पोरी त्या काळात या नावाने उगाच हिणवल्या गेल्या. तिरका डोळा म्हणजे मनात काळेबेरे, ही समजूत सिनेमाने पक्की केली, आणि ती करायला ललिताबाईंचा जखमी डोळा वापरला गेला. त्यात त्यांचा दोष नव्हता. मिळेल ते काम करून त्यांना उभे राहायचे होते.

पण दुष्ट सासवांच्या मधोमध त्यांनी जे करून ठेवले आहे, ते आपण पाहिलेले नसते. राज कपूरच्या ‘श्री ४२०’मधली (१९५५) केळी विकणारी गंगामाई आठवा. मुंबईत नवख्या आलेल्या राजूशी ती फूटपाथवर घासाघीस करते, तोंडाने फटकळ, पोटाने मऊ. नंतर त्याच्याच नावावर चाललेल्या स्वस्त घरांच्या बनवाबनवीत गरिबांचे पैसे अडकतात, तेव्हा तिच्या चेहऱ्यावरचा विश्वास पाहून राजूइतकेच आपल्यालाही कानकोंडे होते. त्याच वर्षी गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये त्या एकदम वरच्या वर्गातल्या. पुरुषांचा आणि लग्नाचा तिटकारा असलेली, घटस्फोटाच्या कायद्यासाठी भाषणे ठोकणारी सीतादेवी. एका वर्षात फूटपाथही आणि दिवाणखानाही. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) त्या सोवळे पाळणाऱ्या बुआजी आहेत. ती बाई खलनायिका नाही, आणि म्हणूनच जास्त टोचते. तशी बुआजी आपल्या प्रत्येकाच्या नात्यात एक तरी होती.

आणि १९५९ चाच ‘अनाडी’. माझ्या मते हे त्यांचे सर्वांत मोठे काम. हृषीकेश मुखर्जींचा चित्रपट, राज कपूर-नूतनची जोडी, पण मनात राहते ती घरमालकीण मिसेस डिसा. भाड्यासाठी भांडणारी, येता-जाता टाकून बोलणारी, आणि त्या अनाडी पोराला उपाशी झोपू न देणारी एकटी ख्रिस्ती बाई. झग्यातल्या, तोंडात मुंबईच्या ख्रिश्चनांची हिंदी असलेल्या ललिताबाईंना पाहताना येवल्याच्या अंबेचा मागमूस लागत नाही. तिचे बोलणे आणि तिची करणी कायम एकमेकींच्या विरुद्ध चालतात, आणि ललिताबाई ती ओढाताण चेहऱ्यावर ठेवतात. पुढे एका औषध कंपनीचे सदोष औषध घेऊन मिसेस डिसा मरते आणि खुनाचा आळ तिच्याच लाडक्या भाडेकरूवर येतो. ज्या चेहऱ्याला दुष्टपणाचे कंत्राट मिळाले होते, त्याच चेहऱ्यावर त्यांनी माया आणली, आणि डोळा तोच होता. या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. मिसेस डिसा लोकांना इतकी आवडली, की बारा वर्षांनी ‘आनंद’मध्ये हृषीदांनी ललिताबाईंना मेट्रन केले तेव्हा तिचेही आडनाव डिसाच ठेवले. ती मेट्रन तर आपल्या सगळ्यांना ठाऊक आहे. आनंदवर डाफरते आणि आडोशाला जाऊन डोळे पुसते, तीच.

विनोदातही त्या कमी नव्हत्या, फक्त त्यांच्याकडे तसे कुणी लक्ष दिले नाही. ‘जंगली’मध्ये (१९६१) घरात हसायला बंदी घालणारी आई आहे. पुढच्या वर्षी ‘प्रोफेसर’ आला. त्यात शम्मी कपूर म्हाताऱ्या मास्तरचे सोंग घेतो आणि ललिताबाईंची करडी आत्या त्या खोट्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. ती हळूच नटू लागते, लाजू लागते. प्रेक्षागृह हसत असते, आणि त्यातच एका एकट्या बाईचे खरे दुःख डोकावून जाते. सत्तरच्या दशकातल्या ‘बॉम्बे टू गोवा’च्या बसमध्येही त्या आहेत. १९६१ मध्येच संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला होता. त्याच वर्षी बाबूभाई मिस्त्रींच्या ‘संपूर्ण रामायण’मध्ये त्या पहिल्यांदा मंथरा झाल्या. म्हणजे आपण टीव्हीवर जी मंथरा पाहिली, तिचा सराव पंचवीस वर्षे आधीच झालेला होता.

संसाराबद्दल थोडक्यात लिहितो, कारण त्यावर चवीने लिहिणारे पुष्कळ आहेत. पहिले लग्न मोडले. नंतर त्यांनी अंबिका स्टुडिओचे राजप्रकाश गुप्ता यांच्याशी लग्न केले, आणि तो संसार टिकला. पडद्यावरचे आडनाव मात्र पवारच राहिले.

‘रामायण’ आले तेव्हा त्यांना काही सिद्ध करायचे उरले नव्हते. रामानंद सागरांनी उंबरगावला मालिकेचा संसार थाटला होता, आणि सत्तरीतल्या ललिताबाई तिथे पाठीला कुबड बांधून कैकेयीचे कान भरीत होत्या. आता पुन्हा पाहिले तर लक्षात येते, की त्यांची मंथरा ओरडत नाही. ती दासी आहे, तिला ओरडायचा अधिकारच नाही. ती विचारते, गप्प बसते, उसासा टाकते, पुन्हा विचारते. राणीला वाटते की हा विचार आपलाच. मंथरा जर नुसतीच दुष्ट झाली असती, तर कैकेयी मूर्ख ठरली असती. तिला कैकेयीच्या मुलाची खरीच काळजी आहे, असे ललिताबाई दाखवतात, आणि तिथे ती कथा उभी राहते. चित्रपटगृहाचे तोंडही न पाहिलेल्या खेड्यापाड्यांतल्या आज्यांपर्यंत त्या पोहोचल्या त्या या छोट्या पडद्यामुळे. मूकपटापासून सुरू करून दूरदर्शनच्या मालिकेपर्यंत काम केलेली माणसे आपल्या देशात फार थोडी असतील.

शेवटी त्या पुण्याला औंधमध्ये राहत होत्या. तब्येत खालावली होती. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या गेल्या. पती रुग्णालयात होते आणि घरात त्या वेळी त्या एकट्याच होत्या. त्याच वर्षी जुलैमध्ये अकोल्यातून वेगळे होऊन आपले वाशिम जिल्ह्याचे ठिकाण झाले, आणि त्या गडबडीच्या वर्षात आपल्यापैकी कितीजणांनी ती बातमी वाचली असेल, कोण जाणे. २०२० मध्ये टाळेबंदीत दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा दाखवले, तेव्हा आपल्या मुलांनी त्यांना पाहिले. मंथरा म्हणूनच.

स्नेहमेळाव्याच्या पहिल्या रात्री जेवणानंतर सभागृह आणि प्रोजेक्टर मोकळा आहे, असे संयोजकांकडून कळले. अंताक्षरी दुसऱ्या दिवशी ठेवून त्या रात्री ‘अनाडी’ लावावा, असा लेखी प्रस्ताव मी दिला आहे. ज्यांचे अनुमोदन आहे त्यांनी ग्रुपवर कळवावे. आपल्या त्या बाईंनी होकार दिलेला आहे.